पाऊस कुठं पडला, हे पाणी सांगतं

एक कोडं घालतो. पुणे जिल्ह्यातल्या जुन्नर तालुक्यात येडगाव नावाचं गाव आहे. गावाला लागून कुकडी नदीवरचं धरण. समजा, जुलै महिना आहे आणि तुम्ही धरणाच्या काठावर उभे आहात. दोन दिवस गावात पावसाचा टिपूस नाही, रस्त्यावर धूळ उडतेय. तरी धरणाचं पाणी वाढलंय! काल जो दगड कोरडा होता, तो आज बुडालाय. काठावर जाळं दुरुस्त करत बसलेले एक आबा पाण्यावर नुसती नजर टाकतात आणि म्हणतात, "वर लागलाय पाऊस." आणखी एखाद्या दिवशी असंच पाणी वाढलेलं असतं, पण तेच आबा त्या दिवशी म्हणतात, "पाऊस नाही रे, वरचं धरण सोडलंय." ना कुणाला फोन, ना मोबाइलवर बातमी. मग त्यांना कळलं कसं?

सांगा बरं. हवं तर इथंच थांबा आणि विचार करा.

उत्तर पाण्याच्या रंगात आहे. ताजा पाऊस पडतो तेव्हा तो शेतांवरून, डोंगरउतारांवरून, पायवाटांवरून माती धुऊन आणतो. ओढ्याओढ्यांनी ते पाणी नदीत उतरतं ते गढूळ, चहासारखं तांबूस. पण तेच पाणी वरच्या एखाद्या धरणात काही दिवस थांबलं असेल, तर? साठलेलं पाणी शांत असतं. त्यातली जड माती आधी खाली बसते, मग हलकी. म्हणून धरणातून सोडलेलं पाणी त्या मानानं निवळ असतं. पाणी वाढलं आणि गढूळ झालं, तर वर पाऊस. पाणी वाढलं पण निवळच राहिलं, तर वरच्या धरणाचे दरवाजे उघडलेले. पाण्यासोबत पालापाचोळा, काटक्या, फेस वाहून येतोय का, हेही आबा बघतात. पहिल्या पुराबरोबर उन्हाळाभर नदीकाठी साठलेला सगळा केरकचरा निघतो. तिसऱ्या-चौथ्या पुरात तेवढा नसतो.

खरं-खोटं तपासायला घरी एक काचेची बाटली घ्या. त्यात मूठभर शेतातली माती आणि पाणी घाला, झाकण घट्ट लावून खूप हलवा आणि बाटली खिडकीत ठेवून द्या. वाळूचे कण काही क्षणांत तळाला जातील. त्यावर बारीक मातीचा थर बसायला तासन्‌तास लागतील. आणि काळ्या मातीतले सगळ्यात बारीक कण? ते दुसऱ्या दिवशीही पाण्यात तरंगताना दिसले, तर नवल वाटून घेऊ नका.

आता नकाशा उघडा, कारण येडगावची गंमत नकाशावरच कळते. कुकडीचा उगम पश्चिमेला, चावंड किल्ल्याजवळच्या पूर गावात मानतात. तिथं कुकडेश्वराचं जुनं दगडी मंदिर आहे. तिथून नाणेघाट जवळ. अरबी समुद्रावरून आलेले ढग सह्याद्रीला अडतात, वर चढतात, वर चढले की गार होतात आणि घाटमाथ्यावरच बहुतेक पाणी ओतून मोकळे होतात. पूर्वेकडं सरकावं तसा पाऊस झपाट्यानं कमी होतो. एकाच जुन्नर तालुक्यात एका टोकाला भातखाचरं तुडुंब भरलेली आणि दुसऱ्या टोकाला बाजरीवाले शेतकरी आभाळाकडं डोळे लावून बसलेले, असं दर वर्षी दिसतं. येडगाव या दोन टोकांच्या मध्ये आहे. म्हणून इथं पाऊस न पडता पाणी वाढतं, यात जादू काही नाही.

शिवाय येडगावला एकट्या कुकडीचं पाणी येत नाही. वर जुन्नरच्या पश्चिमेला कुकडीवरच माणिकडोह धरण आहे. मीना नदीवर वडज धरण आहे. शेजारच्या आंबेगाव तालुक्यात घोड नदीवर डिंभे धरण आहे. पिंपळगाव जोगे धरण आहे, ते वेगळंच. माणिकडोहचं पाणी नदीतून, वडज आणि डिंभ्याचं कालव्यांतून येडगावला येतं आणि इथून कुकडीचा डावा कालवा निघतो तो पारनेर, श्रीगोंदा, कर्जत, करमाळा अशी दूरची शेतं भिजवत जातो. लांबी सुमारे अडीचशे किलोमीटर! म्हणजे काठावर बसलेल्या आबांसमोर इतक्या ठिकाणचं पाणी येतं आणि आज आलेलं पाणी कुठलं, हे त्यांना ओळखायचं असतं.

आता मला जे सांगायचंय ते इथून पुढं आहे. आबा हुशार आहेत, त्यांचे डोळे तीक्ष्ण आहेत, असं म्हणून सोडून देऊ नका. त्यांच्या डोक्यात नेमकं काय होतं, हे विज्ञानाला बऱ्यापैकी ठाऊक आहे. आणि तेच तुमच्याही डोक्यात होऊ शकतं.

मेंदूच्या आत खोलवर, कानांच्या रेषेत, दोन्ही बाजूंना एकेक वळणदार भाग असतो. त्याला हिप्पोकॅम्पस म्हणतात. १९७१ साली जॉन ओकीफ नावाच्या शास्त्रज्ञाला उंदराच्या या भागात अजब पेशी सापडल्या. उंदीर खोलीत एका विशिष्ट जागी पोहोचला की एक पेशी जागी व्हायची, दुसऱ्या जागी गेला की दुसरी. जणू प्रत्येक जागेची हजेरी घेणारी वेगळी पेशी! पुढं २००५ साली मे-ब्रिट मोसर आणि एडवर्ड मोसर यांना शेजारच्या भागात अंतराचं आणि दिशेचं जाळं मांडणाऱ्या पेशी सापडल्या. तिघांना मिळून २०१४चं नोबेल पारितोषिक मिळालं. माणसाच्या मेंदूतही अशा पेशी आहेत. गावाचा नकाशा आपण खरोखरच डोक्यात बाळगतो.

हा नकाशा वापरानं वाढतो. लंडनच्या टॅक्सीचालकांना शहरातले सुमारे २५,००० रस्ते पाठ करून परीक्षा द्यावी लागते. एलेनॉर मॅग्वायर या शास्त्रज्ञ बाईंनी २०००मध्ये या चालकांच्या मेंदूची छायाचित्रं तपासली, तेव्हा त्यांच्या हिप्पोकॅम्पसचा मागचा भाग इतरांपेक्षा मोठा आढळला. आधीच मोठा असेल म्हणून ते टॅक्सीचालक झाले असतील, अशी शंका कुणी घेतली तर? तिचंही उत्तर त्यांच्या गटानं शोधलं. परीक्षेची तयारी करणाऱ्यांचा मेंदू आधी आणि नंतर असा दोनदा तपासला. २०११मध्ये निष्कर्ष आला: जे परीक्षा पास झाले, त्यांच्या मेंदूचा तो भाग अभ्यासाच्या काळात वाढला होता. मोठ्या माणसांच्या मेंदूत हे घडू शकतं. तुमचा मेंदू तर अजून वाढीलाच लागलाय.

पण नुसत्या जागा पाठ असून भागत नाही. मेंदू आणखी एक काम सतत करत असतो: पुढं काय दिसेल, काय ऐकू येईल, याचा अंदाज बांधण्याचं. अंदाज बरोबर आला की तो तिकडं लक्षच देत नाही. घरातल्या पंख्याचा आवाज तुम्हाला ऐकू येतो का? वीज गेली आणि पंखा थांबला, की मात्र लगेच कळतं! एखाद्या परिसरात वर्षानुवर्षं राहिलेल्या माणसाचा अंदाज फार बारीक झालेला असतो. या महिन्यात, या वेळी, या काठाला पाणी कसं दिसतं, कोणते पक्षी कुठं बसतात, हे मेंदूनं आधीच धरलेलं असतं. त्यामुळं जे वेगळं आहे, ते चटकन टोचतं. पाहुण्याला सगळंच नवं असतं, म्हणून त्याला काहीच टोचत नाही. रोजचं काय ते ठाऊक असेल, तरच आज वेगळं काय ते दिसतं.

येडगावच्या जवळच खोडदला एक मोठी दुर्बीण आहे, तिचंही असंच आहे. जीएमआरटी तिचं नाव. प्रत्येकी ४५ मीटर व्यासाच्या ३० थाळ्या नारायणगाव-खोडद परिसरात सुमारे २५ किलोमीटरच्या टापूत पसरल्या आहेत. आकाशातून येणाऱ्या रेडिओ लहरी त्या टिपतात. या लहरी इतक्या क्षीण असतात की जवळपासच्या विजेच्या तारेवर उडालेली ठिणगीसुद्धा त्यांना झाकून टाकते. त्यामुळं तिथल्या शास्त्रज्ञांना आधी परिसरातला गोंगाट ओळखावा लागतो: हा तारेचा, हा मोबाइलचा, हा उपग्रहाचा. जवळचा आवाज नीट ओळखता आला, तरच लांबचा ऐकू येतो. जुन्नरला आलात, तर त्या थाळ्या रस्त्यावरूनही दिसतात.

आता मेंढरांकडं वळू. ऊस निघालेल्या किंवा कांदा काढलेल्या रानात धनगरांचा वाडा बसलेला तुम्ही पाहिला असेल. आपल्याला सगळी मेंढरं सारखीच दिसतात. मेंढपाळाला मात्र संध्याकाळी मेंढरं वाड्यात घेताना एक कमी असेल तर मोजायच्या आधीच जाणवतं, आणि कोणती कमी आहे तेही सांगता येतं. याचंही कारण सापडलंय. माणसांचे चेहरे ओळखण्यासाठी मेंदूत एक खास भाग असतो. इसाबेल गॉतिए आणि तिच्या सहकाऱ्यांनी २०००मध्ये दाखवलं की, पक्ष्यांच्या जाणकारांना पक्षी दाखवले की त्यांच्या मेंदूतला हाच भाग जास्त उजळतो. म्हणजे खूप बघून बघून पक्षी, जनावरं, झाडं ही आपल्यासाठी जवळजवळ चेहरे होतात.

आणि गंमत पुढंच आहे. २००१ साली कीथ केंड्रिक यांच्या गटानं मेंढ्यांचीच परीक्षा घेतली. एक मेंढी ५० दुसऱ्या मेंढ्यांचे चेहरे ओळखू शकते आणि दोन वर्षं लक्षात ठेवते, असं त्यांना आढळलं. धनगर मेंढीला ओळखतो तशी मेंढीही शेजारणीला ओळखते. 'मेंढरासारखं' हा शब्द आपण कुणाला हिणवायला वापरतो, तो आता सोडून द्यायला हरकत नाही.

आता धरणाच्या काठावर परत जाऊ, पण उन्हाळ्यात. मार्च-एप्रिलमध्ये पाणी खाली खाली जातं आणि खडकाळ, भेगाळलेली जमीन उघडी पडते. गाळाच्या ओलसर पट्ट्यावर काही जण पिकं घेतात, त्याला गाळपेर म्हणतात. त्याच्या वरच्या अंगाला, जिथं नुसते खडे आणि ढेकळं आहेत, तिथं चालायला लागा. दहा पावलं टाकलीत की टिटवी ओरडत उठेल. टिटवी म्हणजे लांब पिवळे पाय, काळं डोकं, पांढरं पोट आणि डोळ्यांपुढं तांबड्या कातडीचा ठिपका. ती तुमच्या डोक्यावरून घिरट्या घालेल, झेप घेतल्यासारखं करेल. तिथंच थांबा. पाय उचलू नका. खाली, आसपास, नजर फिरवा.

घरटं शोधत असाल तर दिसणार नाही, कारण ते घरटं म्हणण्यासारखं नसतंच. जमिनीत एक उथळ खळगा, कडेला काही बारीक खडे, कधी शेळीच्या वाळक्या लेंड्या. त्यात बहुतेक वेळा चार अंडी असतात, निमुळती टोकं आत वळवलेली. रंग मातकट, त्यावर काळपट डाग. भोवतालच्या खड्यांतून ती वेगळी काढणं अवघड. बाजूला सावलीचं झाड नाही, जमीन तापून तव्यासारखी झालेली. मग अंडी शिजत कशी नाहीत? टिटवी उन्हाच्या वेळी अंड्यांवर सावली धरून उभी राहते. आणि आणखी एक युक्ती करते: पाण्यावर जाऊन पोटाखालची पिसं भिजवते, तशीच ओली येऊन अंड्यांवर बसते. पाण्याचे थेंब अंड्यांना गार ठेवतात. पक्षी अभ्यासकांनी हे पाहून नोंदवून ठेवलं आहे. तुम्हालाही दुर्बिणीतून, लांबून, हे दिसू शकेल. जवळ जाऊ नका. तुम्ही जितका वेळ तिथं उभे राहाल तितका वेळ ती अंड्यांवरून उठलेली असते आणि ऊन अंड्यांवर पडत असतं.

टिटवीबद्दल शेतकऱ्यांमध्ये एक समजूत आहे. तिनं उंच जागी अंडी घातली तर यंदा पाऊस जास्त, सखल जागी घातली तर कमी. तुम्हाला काय वाटतं? मला ही समजूत पटत नाही. एप्रिलमध्ये बसलेल्या पक्ष्याला जून-जुलैचा पाऊस आधी कसा कळणार? तो पाऊस समुद्रावरच्या वाऱ्यांवर ठरतो आणि तोवर ते वारे इकडं वळलेलेही नसतात. पण माझं म्हणणं ऐकून सोडून देऊ नका. तपासा! दर उन्हाळ्यात सापडलेली घरटी पाण्यापासून किती उंचीवर आहेत ते लिहा आणि पावसाळा संपला की तुमच्या गावचा पाऊस किती झाला तेही लिहा. पाच-सहा वर्षांच्या नोंदी झाल्या की समजूत खरी की खोटी, हे तुम्हीच सांगाल.

जाणकार म्हातारी माणसं जे सांगतात ते सगळंच एका माळेचं नसतं. पाण्याच्या रंगावरून पाऊस ओळखणं हे निरीक्षण आहे. नक्षत्रांचं गणितही पक्कं आहे. सूर्य वर्षभरात २७ नक्षत्रांतून जातो, म्हणजे एका नक्षत्रात साधारण साडेतेरा दिवस. ७ किंवा ८ जूनला मृग लागतो, मग आर्द्रा, पुनर्वसू, पुष्य. कोणत्या नक्षत्रात काय पेरायचं, हे शेतकऱ्यांनी पिढ्यान्‌पिढ्या पावसाकडं बघून ठरवलं. पण पंचांगात लिहिलेलं असतं की यंदा मृगाचं वाहन बेडूक, म्हणून पाऊस भरपूर. ते वाहन आकडेमोड करून ठरवतात. आभाळाकडं कुणी बघितलेलं नसतं. या दोन गोष्टी एका टोपलीत घालू नका.

मृगाचं नाव निघालं म्हणून मृगाच्या किड्याबद्दल सांगितल्याशिवाय पुढं जाववत नाही. पहिला दमदार पाऊस झाला की दुसऱ्या दिवशी सकाळी मातीवर लालभडक मखमलीचे ठिपके चालताना दिसतात. त्याला किडा म्हणतात, पण पाय मोजा. आठ! म्हणजे तो कीटक नाही, कोळ्याच्या आणि गोचिडीच्या कुळातला आहे. वर्षातला बहुतेक काळ तो जमिनीत गडप असतो. पाऊस पडला की वाळवीची पंखवाली पाखरं बाहेर पडतात आणि ती खायला हा वर येतो. तळहातावर घ्या हवं तर, हळुवार. काही वेळ पाय पोटाशी घेऊन मेल्याचं सोंग करतो.

त्याच सकाळी मातीचा वास येतो तो कुठून? जमिनीत स्ट्रेप्टोमायसिस जातीचे सूक्ष्मजीव असतात. ते जिओस्मिन नावाचं द्रव्य तयार करतात. पावसाचा थेंब मातीवर आपटला की त्याखाली हवेचे बारीक बुडबुडे अडकतात, ते वर येऊन फुटतात आणि वासाचे सूक्ष्म कण हवेत उडवतात. वारा ते पुढं घेऊन येतो. आपलं नाक या वासाला इतकं तयार आहे की एक लाख कोटी भागांत चार-पाच भाग जिओस्मिन असलं तरी आपल्याला कळतं. म्हणूनच "पलीकडच्या शिवारात पडला वाटतं" असं आज्जी ओसरीत बसून म्हणते, ते बहुतेक वेळा खरं निघतं.

येडगावच्या खालच्या अंगाला कुकडीच्या काठी बोरी नावाचं गाव आहे. तिथली हकिकत मला फार आवडते. नदीनं कापलेल्या काठात मातीचे थर दिसतात, तसे ते सगळ्याच नद्यांच्या काठी दिसतात. पण बोरीच्या थरांमध्ये एक पांढुरका थर होता. मातीचे थर रोज बघणाऱ्या शास्त्रज्ञांना तो खटकला. तपासल्यावर कळलं की ती ज्वालामुखीची राख आहे! आता तुम्ही म्हणाल, महाराष्ट्राचा काळा दगड ज्वालामुखीनंच बनलाय की. बरोबर. पण तो सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा, आणि या राखेतली रसायनं त्याच्याशी जुळत नव्हती. ती जुळली इंडोनेशियातल्या सुमात्रा बेटावरच्या टोबा ज्वालामुखीशी. तीन हजार किलोमीटरहून लांब! टोबाचा सगळ्यात मोठा स्फोट सुमारे ७४,००० वर्षांपूर्वी झाला. बोरीची राख त्याच स्फोटाची की टोबाच्याच आणखी जुन्या स्फोटाची, यावर शास्त्रज्ञ बराच काळ वाद घालत आले आहेत. तिथंच आदिमानवाची दगडी हत्यारंही सापडली, म्हणून हा वाद महत्त्वाचा. नेहमीच्या थरांची ओळख नसती, तर तो एक वेगळा थर कुणाच्या डोळ्यांत भरला असता?

परिसर मात्र कायम तसाच राहत नाही. येडगावचं धरण १९७०च्या दशकात बांधलं गेलं. त्याआधी इथल्या माणसांना नदीचे उतार पाठ होते, म्हणजे पाणी कुठं पायी ओलांडता येतं. डोह कुठं खोल आहेत तेही. ते सगळं पाण्याखाली गेलं. मग माणसं नव्यानं शिकली. कालव्याचं आवर्तन, म्हणजे पाळीचं पाणी, कधी सुटणार, पाणी किती हटलं की गाळपेर करायची, वारा सुटला की जलाशयात होडी कोणत्या कडेनं न्यायची. ओझरचा विघ्नहर गणपती त्याच नदीकाठी आहे; पूर्वी त्याच्या पुढून वाहती नदी जायची, आता तिथं जलाशय पसरलाय. पन्नास वर्षं पुरली, नवी ओळख व्हायला.

कालव्यांनी पाणी आणलं, पाण्यानं ऊस आणला आणि उसानं बिबट्या आणला. बिबट्याही हा नवा परिसर शिकला. ऊस दहा-बारा महिने उभा असतो, दाट असतो, आत गारवा असतो, पाणी जवळ, आणि वस्तीवर कुत्री. बिबट्याला आणखी काय हवं? विद्या अत्रेय यांनी शेजारच्या अहिल्यानगर (तेव्हाच्या नगर) जिल्ह्यात अकोल्याला अभ्यास केला, तेव्हा बिबट्याच्या खाण्यात सगळ्यात मोठा वाटा पाळीव कुत्र्यांचा निघाला. 'आजोबा' नावाचा एक बिबट्या २००९मध्ये पारनेर तालुक्यात टाकळी ढोकेश्वरला विहिरीत सापडला होता. त्यांनीच त्याच्या गळ्यात माग काढणारं यंत्र बसवलं आणि त्याला माळशेज घाटात सोडलं. तो तिथं राहिला नाही. चालत चालत सुमारे १२० किलोमीटरवरच्या मुंबईच्या संजय गांधी राष्ट्रीय उद्यानात पोहोचला! तेच त्याचं मूळचं रान असावं, असं अभ्यासकांना वाटलं.

ऊसतोड सुरू झाली की फडात कधी कधी बिबट्याची पिल्लं सापडतात. वन विभागाची माणसं आणि माणिकडोहच्या बिबट निवारा केंद्रातले पशुवैद्य येतात, पिल्लं तपासतात आणि संध्याकाळी त्यांना एका खोक्यात घालून जिथं सापडली तिथंच ठेवतात. तिथंच, बरं का, शंभर पावलं इकडं-तिकडं नाही. कॅमेरा लावून सगळे लांब जातात. ऊस कापून गेलाय, रान उघडं झालंय, सकाळची ओळखीची एकही खूण उरलेली नाही. तरी रात्री मादी येते, खोकं आडवं करते आणि एकेका पिल्लाला मानेला धरून घेऊन जाते. जागेची खूणगाठ तिच्या डोक्यात इतकी घट्ट असते.

पण हे वाचून उसाकडं बिबट्या बघायला जायचं नाही. जुन्नर, आंबेगाव, शिरूर या तालुक्यांत बिबट्याच्या हल्ल्यांत माणसं गेली आहेत, त्यांत तुमच्या वयाची मुलंही आहेत. तिथल्या मुलांना जे शिकवतात ते तुम्हीही लक्षात ठेवा. अंधार पडायला लागला की उसाच्या कडेला एकट्यानं जायचं नाही. वाकून, खाली बसून राहायचं नाही, कारण वाकलेलं माणूस बिबट्याला लहान जनावरासारखं दिसतं. घोळक्यानं चालायचं, मोठ्यानं बोलायचं, हातात बॅटरी ठेवायची. आणि कान उघडे ठेवायचे. कुत्री एकदम गप्प झाली, मोर अवेळी ओरडला, टिटवी रात्री एकाच जागेवर ओरडत राहिली, तर घरी मोठ्यांना सांगायचं. साळुंक्या आणि बुलबुल एखाद्या झुडपाभोवती दिवसा कलकलाट करत असतील तर तिथं बहुधा साप आहे. तिथं हात घालायचा नाही.

जुन्नर-आंबेगावच्या पश्चिम पट्ट्यात महादेव कोळी समाजाची माणसं उन्हाळ्यात हिरडा गोळा करतात. कोवळी फळं वाळवली की त्याला बाळहिरडा म्हणतात, औषधासाठी तो विकला जातो. हिरड्याचं कुठलं झाड दर वर्षी लगडतं आणि कुठलं एक वर्षाआड, हे तिथल्या तुमच्याएवढ्या मुलांनाही विचारा. ३ जून २०२०ला निसर्ग चक्रीवादळानं या भागातल्या हिरड्याचं मोठं नुकसान केलं. तेव्हा त्या घरांचं वर्षाचं उत्पन्न बुडालं. झाडांची अशी ओळख असणारी माणसं हे खरे वनस्पतीतज्ज्ञ आहेत, असं माझं ठाम मत आहे. मारुती चितमपल्लींनी वनखात्यात नोकरी करताना जंगलातल्या आदिवासींकडूनच कितीतरी शिकून घेतलं आणि ते मराठीत लिहून ठेवलं. त्यांची पुस्तकं तुमच्या शाळेच्या वाचनालयात असतील. मागा.

लिहून ठेवणं हाच या सगळ्यातला महत्त्वाचा भाग आहे. जपानमध्ये क्योटो शहरात चेरीची झाडं कधी फुलली, याच्या नोंदी सुमारे १२०० वर्षांपासून मिळतात. कुणी राजदरबाराच्या रोजनिशीत लिहिलं, कुणी भिक्षूनं मठात लिहिलं. हवामानाचा अभ्यास होईल, असं त्यांच्या स्वप्नातही नव्हतं. पण त्याच नोंदींमुळं कळलं की २०२१ साली फुलं २६ मार्चलाच भरात आली, तोवरच्या बाराशे वर्षांत सगळ्यात लवकर. हवा तापतेय, याचा हा पुरावा झाडांनी दिला आणि माणसांनी जपला.

आपल्याकडं म्हणतात, बहावा फुलला की ४५ दिवसांनी पाऊस येतो. तुमच्या गावात बहावा कधी फुलला आणि पाऊस कधी आला, याच्या तारखा कुणाकडं आहेत? बहुतेक कुणाकडंच नाहीत.

तर दोस्तांनो, एक वही घ्या. घराजवळची एकच जागा निवडा: अंगणातलं झाड, शाळेमागचा ओढा, विहिरीचा काठ, इमारतीखालचं गुलमोहराचं झाड, काहीही चालेल. दिवसाउजेडी, घरच्यांना सांगून, रोज थोडा वेळ तिथं बसा. तारीख घाला आणि काल नव्हतं असं आज काय दिसलं, तेवढंच लिहा. पहिल्या आठवड्यात पान कोरं राहील. राहू द्या. नंतर वही पुरणार नाही. आणि एका वर्षानं तुमच्या मृगाच्या किड्याची, बहाव्याच्या पहिल्या फुलाची आणि पहिल्या पावसाची तारीख आम्हाला गावाच्या नावासकट लिहून पाठवा. आम्ही ती छापू.